बर्फातली जास्वंद कुंडीत नको, जमिनीत हवी

थंड देशांत राहणाऱ्या मराठी घरांत जास्वंदीची एखादी कुंडी बहुधा असतेच. उन्हाळाभर ती गॅलरीत किंवा मागच्या अंगणात मजेत फुलते. ऑक्टोबर लागला की तिला घरात घेतात आणि मग एप्रिलपर्यंत तिची शुश्रूषा चालते. पाने पिवळी पडतात, कळ्या उमलण्याआधीच गळतात, पानांच्या मागे पांढरी माशी ठाण मांडते आणि मार्च उजाडेपर्यंत काड्या तेवढ्या उरतात. सल्ल्यांना तोटा नसतो: पाणी कमी घाला, खत बदला, खिडकी बदला, पानांवर कडुनिंबाचे तेल फवारा. हे सगळे सल्ले मनात एक गोष्ट धरून चाललेले असतात, की झाड बरोबर आहे आणि सांभाळणारा चुकतो आहे. मला हे गृहीतकच चुकीचे वाटते. शिकागो, टोरांटो किंवा फ्रँकफुर्टला जास्वंद हवी असेल तर ती जमिनीत लावावी, आणि आपल्या परसातली न लावता तिच्याच कुळातली, बर्फ सोसणारी लावावी. मनासारखे मिळाले नाही म्हणून नाइलाजाने केलेली सोय, अशा नजरेने तिच्याकडे पाहण्याचे कारण नाही. थंड हवामानात पहिली निवड तीच असायला हवी.

आधी थंडी नेमके काय करते ते पाहू. आपण जिला जास्वंद म्हणतो ती ‘हिबिस्कस रोझा-सायनेन्सिस’. पारा दहा अंश सेल्सियसच्या खाली उतरू लागला की तिची वाढ थांबते. पाणी गोठायला अजून दहा अंशांचा अवकाश असतो, पण उष्ण प्रदेशातल्या झाडांच्या पेशींभोवतीच्या आवरणात जे स्निग्ध पदार्थ असतात ते एवढ्या गारठ्यातच थंडीतल्या तुपासारखे थिजू लागतात आणि पेशीची आत-बाहेरची देवाणघेवाण अडते. पाने पिवळी पडतात ती यामुळे. पारा शून्याखाली गेला की पेशींच्या बाहेरच्या पाण्याचे बर्फ होते, ते बर्फ आतले पाणी ओढून घेते, आवरणे फाटतात, आणि सकाळी उन्हात ती पाने उकडलेल्या पालेभाजीगत काळपट होऊन लोंबतात. थंड प्रदेशातली झाडे या संकटाची तयारी महिनाभर आधीपासून करतात. दिवस लहान होऊ लागले की ती वाढ आवरती घेतात, पेशींत साखर साठवतात, पाणी कमी करतात, कळ्यांचे डोळे मिटून बसतात. आपल्या जास्वंदीला ही तयारी येतच नाही. तिच्या वंशात कोणाला तशी वेळ आलेलीच नाही.

मग घरात आणून तिला वाचवता येत नाही का? थंडीपासून वाचवता येते, पण घर ही तिच्यासाठी दुसरी परीक्षा असते. डिसेंबरात शिकागोला दिवस जेमतेम नऊ तासांचा, लंडनला आठ तासांचाही नाही; मुंबईत त्याच दिवसांत अकरा तास उजेड असतो. प्रश्न नुसत्या तासांचाही नाही. भर उन्हात लाखभर लक्स प्रकाश मिळतो. ढगाळ हिवाळी दुपारी खिडकीपासून दोन हात आत तो हजाराच्या खाली गेलेला असतो. आपल्या डोळ्यांना ती खोली उजळ वाटते, झाडाच्या लेखी मात्र तिथे तिन्हीसांजा झालेल्या असतात. त्यात हीटरने हवा वाळलेली. अशा ऊबदार, कोरड्या हवेत लाल कोळी झपाट्याने वाढतो. पानाच्या मागे बारीक जाळी दिसू लागते तोवर उशीर झालेला असतो. बाहेर पाऊस ही कीड धुऊन काढतो, ढालकिडे मावा खातात. घरात ना पाऊस, ना ढालकिडे. म्हणजे आपण झाडाच्या शत्रूंना ऊब देतो आणि त्याच्या मित्रांना बाहेर ठेवतो. यात सांभाळणाऱ्याची हयगय कुठेच नाही. जे झाड त्या जागेचे नाही, ते प्रेमाने जगवता येते, पण फुलवता येईलच असे नाही.

आता कुळाकडे वळू, कारण उत्तर तिथे आहे. जास्वंदीचे कूळ फार मोठे आहे. कापूस त्याच घराण्यातला. भेंडीला तर लिनियसने जास्वंदीच्याच प्रजातीत घातले होते. तिचे पिवळे फूल आणि त्यातला जांभळा गाभा ज्याने शेतात पाहिला आहे त्याला यात नवल वाटणार नाही. अंबाडी आजही जास्वंदीच्या प्रजातीतच आहे. या प्रजातीत दोनशेहून अधिक जाती आहेत आणि त्या सगळ्या काही उष्ण प्रदेशातल्या नाहीत. दोन जातींशी आपल्याला कर्तव्य आहे. एक ‘हिबिस्कस सिरियाकस’, जिला इंग्रजीत ‘रोझ ऑफ शॅरन’ म्हणतात. सोयीसाठी तिला झुडपी जास्वंद म्हणू. नावात सीरिया असला तरी ती मूळची चीनची. हिवाळ्यात पाने टाकते, पुरुषभर किंवा त्याहून उंच होते, फुले पांढरी, गुलाबी, जांभळट. दुसरी ‘हिबिस्कस मॉस्क्युटोस’, ही उत्तर अमेरिका खंडाच्या पूर्व भागातल्या पाणथळ जागांतली. दक्षिण ओंटारियोतल्या सरोवरांच्या काठापासून खाली मेक्सिकोच्या आखातापर्यंत ती रानात आढळते. तिला पाणथळ जास्वंद म्हणता येईल. पहिली उणे पंचवीस अंशांच्या आसपासची थंडी सोसते, दुसरी त्याहूनही थोडी अधिक.

कडाक्याच्या थंडीच्या देशात जास्वंद शोभत नाही असे वाटणाऱ्याने कोरियाकडे पाहावे. सोलमध्ये जानेवारीत पारा उणे दहाच्या खाली जाणे नवलाचे नाही, आणि तरीही दक्षिण कोरियाने राष्ट्रीय फूल म्हणून मानले आहे ते या झुडपी जास्वंदीलाच. तिथे तिला मुगुंघ्वा म्हणतात. सरकारी राजचिन्हात तीच आहे. जपानी राजवटीत या फुलाला राजकीय अर्थ आला होता. नामगुंग ओक नावाच्या शिक्षक-पत्रकाराने गांगवॉन प्रांतातल्या होंगचॉन या गावी मुगुंघ्वाची रोपवाटिका काढली आणि रोपे देशभर वाटली. 1933 मध्ये जपानी पोलिसांनी त्याला अटक केली आणि रोपे उपटून जाळली. गांगवॉन हा कोरियातल्या सर्वांत थंड भागांपैकी एक. तिथल्या खेड्यातला माणूस परकी सत्तेला खुपेल एवढ्या संख्येने जास्वंद उघड्यावर वाढवतो, यावरून झाडाच्या दमाची कल्पना यावी. मलेशियाने 1960 मध्ये आपली लाल जास्वंद राष्ट्रीय फूल केली, तेही योग्यच झाले. ज्याला जे झाड मानवते ते त्याने मिरवावे.

पाणथळ जास्वंदीची रीत आणखी वेगळी. ती थंडीशी झुंजत बसतच नाही. पहिल्या कडक गारठ्याबरोबर तिचा जमिनीवरचा सगळा भाग मरतो. उरतो तो मातीखालचा गड्डा आणि मुळे. वर हातभर बर्फ साचले आणि हवेत उणे वीस असले तरी त्या बर्फाखालची माती शून्याच्या आसपासच राहते, कारण भुसभुशीत बर्फातून उष्णता फार हळू बाहेर जाते. कुंडीला हा आसरा नसतो, चारही बाजूंनी थंडी मुळांपर्यंत पोचते. म्हणूनच हीच जात कुंडीत मरते आणि जमिनीत जगते. मे महिना अर्धा सरल्यावर जमिनीतून जाड, लालसर कोंब वर येतात आणि ऑगस्टपर्यंत ते माणसाच्या छातीला लागतात. फूल येते ते याच नव्या फुटीवर, त्यामुळे जुनी फूट मेल्याने फुलांचे काहीच नुकसान होत नाही. नेब्रास्कातल्या लिंकन शहरात, जिथे हिवाळी रात्री उणे वीसच्याही खाली जातात, फ्लेमिंग नावाच्या तीन भावांनी पाणथळ जास्वंद आणि तिच्या रानटी बहिणींचे संकर करण्यात आयुष्य घालवले. त्यांची ‘फायरबॉल’ ही जात लालभडक आणि वीतभराहून रुंद फुलांची. त्याआधीची ‘लॉर्ड बाल्टिमोर’ही गडद लाल. लालच फूल हवे म्हणणाऱ्यांची सोय कधीच झालेली आहे.

मग एवढे असूनही लोक कुंडीतलीच का घेतात? मला याचे कारण बागकामात न दिसता दुकानात दिसते. मे महिन्यात, पहिल्या उबदार शनिवारी, सगळे गाव रोपवाटिकेत लोटते. त्या दिवशी उष्ण प्रदेशातली जास्वंद हरितगृहातून नुकतीच आलेली असते: चकचकीत पाने, चार फुले उमललेली, दहा कळ्या. शेजारच्या फळीवर पाणथळ जास्वंदीच्या कुंड्या असतात, त्यांत माती आणि गेल्या वर्षीच्या तीन वाळक्या काड्या. कोण कोणती उचलणार हे सांगायला नको. जी झाडे त्या हवेत वीस वर्षे टिकतील ती खरेदीच्या दिवशी मेल्यासारखी दिसतात, आणि जे ऑक्टोबरला माना टाकणार ते तेव्हा भर बहरात असते. त्यात अशा कुंड्यांना वाढ रोखणारी औषधे दिलेली असतात, म्हणून ते रोप आटोपशीर, भरगच्च दिसते. औषधाचा अंमल ओसरला की तेच दुसऱ्या वर्षी लांबच लांब काड्या टाकते आणि लोकांना वाटते, आपलेच काही बिनसले. पट्टीवर नुसते ‘हिबिस्कस’ लिहून दोन्ही विकणे हा ग्राहकावर अन्याय आहे, असे माझे स्पष्ट मत आहे. तोवर ओळख आपणच करून घ्यावी. पान काळपट हिरवे आणि तकतकीत असेल, फूल केशरी, पिवळे किंवा आंब्याच्या रंगाचे असेल, तर ते झाड थंडीचे नाही. पाणथळ जास्वंदीचे पान मोठे, हृदयाच्या आकाराचे, बिनतकाकीचे. झुडपी जास्वंदीचे लहान, तीन खाचांचे, कातरलेल्या कडांचे.

सर्वांत जिव्हाळ्याचा आक्षेप पूजेचा. गणपतीला लाल जास्वंद लागते, आणि ती आपलीच लागते, अमेरिकेतल्या दलदलीतली कशी चालेल? हा आक्षेप हसण्यावारी नेण्यासारखा नाही, कारण परदेशातली जास्वंदीची कुंडी बहुतेकदा बागेसाठी नसतेच, देवघरासाठी असते. पण परंपरा काय सांगते तेही नीट पाहावे. गणपती अथर्वशीर्षात दूर्वांचे नाव आहे, लाह्या आणि मोदक आहेत. फुलांबद्दल मात्र ती लाल असावीत एवढेच आहे. जास्वंदीचे नाव त्यात नाही. लोकरूढीने लाल फूल म्हणजे जास्वंद हे समीकरण बसवले, कारण आपल्याकडे लाल, मोठे आणि बारमाही मिळणारे फूल तेच. शिवाय आपली जास्वंद तरी कुठे रानातून उचलून आणलेली? ती आपोआप वाढलेली अशी आज कुठल्याच रानात सापडत नाही. माणसाने हातोहात, बेटाबेटांवरून आणि बंदराबंदरांतून पसरवलेले ते झाड आहे. लिनियसने 1753 मध्ये तिला चीनचा गुलाब म्हणून नोंदवले ते ती तिथल्या बागांत होती म्हणून. कोकणातल्या परसात ती जशी बाहेरून येऊन घरची झाली, तशी पाणथळ जास्वंद न्यू जर्सीच्या परसात घरची व्हायला हरकत कसली?

काळाचाही मेळ बसतो, आणि हा मुद्दा माझ्या मते निर्णायक आहे. भाद्रपद शुद्ध चतुर्थी ऑगस्टच्या तिसऱ्या आठवड्यापासून सप्टेंबरच्या तिसऱ्या आठवड्यापर्यंत कधीतरी येते: 2023 मध्ये 19 सप्टेंबरला, 2024 मध्ये 7 सप्टेंबरला, 2025 मध्ये 27 ऑगस्टला. पाणथळ आणि झुडपी दोन्ही जास्वंदी उत्तर अमेरिकेत जुलैअखेरपासून सप्टेंबरपर्यंत फुलतात. जणू पंचांग पाहून फुलावे अशी ही वेळ आहे. फूल एकच दिवस टिकते, सकाळी उमलून संध्याकाळी मिटते. पण ते तर आपल्या जास्वंदीचेही तसेच, आणि पूजेला सकाळचे ताजे फूलच लागते. अडचण एकच, आकाराची. ‘फायरबॉल’चे फूल चार बोटांच्या शाडूच्या मूर्तीला वाहिले तर गणपती फुलामागे दिसेनासा व्हायचा. लहान मूर्ती बसवणाऱ्यांनी ‘हिबिस्कस कॉक्सिनियस’ शोधावी. फ्लोरिडा-जॉर्जियाच्या दलदलीतली ही जात शेंदरी लाल, पाच सुट्या पाकळ्यांची, मधला दांडा आपल्या जास्वंदीसारखा पुढे आलेला. थंडी ती पाणथळ बहिणीपेक्षा जरा कमी सोसते, उणे वीसच्या आसपास, तीही बुडाशी पालापाचोळ्याचा जाड थर घातला तर. तिची पाने गांजाच्या पानांसारखी दिसतात एवढे शेजाऱ्यांना आधीच सांगून ठेवलेले बरे.

दुसरा आक्षेप अनुभवी लोकांचा: दिवे लावून जास्वंद हिवाळ्यातही फुलवता येते, आणि काही जण फुलवतात. खरे आहे. रोज बारा-चौदा तास चांगले एलईडी दिवे, हवेत ओलावा, किडीवर रोज नजर, एवढे केले तर ती जानेवारीतही फूल देते. दुसरा मार्ग म्हणजे तिला तळघरात दहा-बारा अंशांवर, अगदी थोड्या पाण्यावर झोपवणे आणि वसंतात छाटून बाहेर काढणे. ज्याला हौस आहे त्याने खुशाल करावे. एखाद्याने चाळीस वर्षांपूर्वी सोबत आलेले झाड असे जपले असेल तर ते आदराचेच काम आहे. माझा विरोध या हौसेला सरसकट सल्ल्याचे रूप देण्याला आहे. दोन खोल्यांच्या सदनिकेत, तान्ह्या मुलासह आणि नोकरीच्या धबडग्यात नव्याने आलेल्या कुटुंबाला दिवे, आर्द्रता आणि फवारणी शिकवणे म्हणजे त्यांना अपयशाच्या वाटेवर सोडणे. त्यांच्याकडे वावभर जमीन असेल तर पाणथळ जास्वंद लावून सांगावे, हिला फक्त ऊन आणि भरपूर पाणी द्या.

मायदेशातून कलम आणण्याचा मोहही याच विषयात येतो. सुटकेसमध्ये ओल्या कागदात गुंडाळलेली चार बोटांची काडी कोणाचे काय बिघडवणार, असा सवाल केला जातो. बिघडवते. गुलाबी पिठ्या ढेकूण ही आशियातली कीड 1990 च्या दशकात कॅरिबियनमधल्या ग्रेनाडा बेटावर पोचली आणि जास्वंदीबरोबर तिथल्या फळझाडांची, बागांची धूळधाण उडाली. मग बेटामागून बेट करत ती 2002 मध्ये फ्लोरिडात आली. शेवटी तिच्यावर जगणाऱ्या चिमुकल्या गांधीलमाश्या मुद्दाम आणून सोडाव्या लागल्या. नाशिक-सांगलीच्या द्राक्षबागायतदारांना ही कीड परिचयाची आहे. घडात शिरलेला पिठ्या ढेकूण काय करतो हे त्यांना विचारावे. अमेरिका, कॅनडा, युरोप कुठेही वनस्पती-आरोग्य प्रमाणपत्राशिवाय कलम नेणे बेकायदा आहे आणि या नियमामागे लालफीत नसून असा अनुभव आहे. आणि एवढी जोखीम घेऊन जे झाड न्यायचे ते पुन्हा हिवाळ्यात खिडकीशी माना टाकणारच.

आता तापमानवाढीचे काय? अमेरिकेच्या कृषी खात्याने 2023 मध्ये थंडीच्या पट्ट्यांचा नवा नकाशा काढला, त्यात जवळजवळ अर्धा देश आधीपेक्षा अर्ध्या पट्ट्याने उबदार ठरला. तेव्हा थोडी वर्षे कळ काढली तर आपलीच जास्वंद बाहेर जगेल, असा युक्तिवाद होतो. पण हे पट्टे म्हणजे तीस वर्षांतल्या प्रत्येक वर्षीच्या सर्वांत थंड रात्रीची सरासरी आहे. झाड सरासरीने मरत नाही, एका रात्रीने मरते. फेब्रुवारी 2021 मध्ये टेक्सासात ह्यूस्टनला पारा उणे दहाला टेकला. वर्षानुवर्षे उघड्यावर वाढलेल्या जास्वंदी त्या आठवड्यात गेल्या. ह्यूस्टनची ही कथा, तर शिकागोने कसली आशा धरावी?

पर्यावरणाच्या अंगाने माझ्याच म्हणण्याला एक उणे बाजू आहे. झुडपी जास्वंद बी फार टाकते. पूर्व अमेरिकेत तिची रोपे कुंपणाकडेला, ओढ्याकाठी आपोआप उगवू लागली आहेत आणि तिथल्या निसर्गप्रेमींची तक्रार रास्त आहे. वॉशिंग्टनच्या राष्ट्रीय वृक्षोद्यानातले संशोधक डोनाल्ड एगोल्फ यांनी यावर तोडगा काढला होता: गुणसूत्रांचे तीन संच असलेल्या ‘डायना’, ‘हेलेन’, ‘मिनर्व्हा’, ‘अफ्रोडायटी’ या जाती, ज्यांना बी जवळजवळ धरतच नाही. घ्यायची तर यांतली घ्यावी. तरीही उत्तर अमेरिकेत राहणाऱ्याला माझा कौल पाणथळ जास्वंदीलाच, कारण ती तिथलीच आहे आणि तिच्यावर तिथले जीव पोसले जातात. एक एकांडी काळपट मधमाशी, ‘टिलोथ्रिक्स बॉम्बिफॉर्मिस’, आपल्या पिलांसाठी परागकण गोळा करते ते प्रामुख्याने जास्वंदीचे. ती कडक जमिनीत बीळ खणते, आणि माती मऊ करायला पाणी लागते म्हणून डबक्याच्या पृष्ठभागावर चक्क उभी राहून पाणी भरून नेते. कॅनडात मात्र पाणथळ जास्वंद रानात दुर्मीळ होत चालली आहे आणि तिथल्या कायद्याने ती विशेष चिंतेच्या यादीत आहे. तेव्हा रोप रोपवाटिकेतून घ्यावे, दलदलीतून उपटू नये. आणि तिला कीड लागत नाही असेही नाही. जपानी भुंगेरे तिची पाने चाळणीसारखी करतात. पण ते सकाळी साबणाच्या पाण्यात झटकून टाकता येतात, आणि झाड तेवढ्याने मरत नाही.

हे सगळीकडे लागू पडेल असा माझा दावा नाही. इंग्लंडचा हिवाळा शिकागोच्या मानाने मवाळ, तरी तिथे पाणथळ जास्वंद रुसते, कारण तिला कळ्या धरायला तापलेला उन्हाळा लागतो आणि तोच तिथे नसतो. लंडन-मँचेस्टरकरांनी दक्षिणेकडे तोंड असलेल्या भिंतीशी झुडपी जास्वंद लावावी. ‘ब्लू बर्ड’ नावाची निळसर जात तिथे चांगली फुलते. जर्मनी, हंगेरी, उत्तर इटली या खंडांतर्गत भागांत झुडपी जास्वंद रस्त्याकडेलाही दिसते. विनिपेग किंवा एडमंटनला मात्र यांतली कोणतीच भरवशाने जगणार नाही. तिथे कुंडीतली जास्वंद एका उन्हाळ्यापुरती घ्यावी, फुलवावी आणि पहिल्या थंडीला खतात टाकावी. झेंडू आपण दसऱ्यानंतर टाकतोच की. किंवा त्यापेक्षा अंबाडी पेरावी. दिवस लहान झाल्याशिवाय ती फुलत नाही, त्यामुळे उत्तरेत बोंडे मिळायची नाहीत, पण पानांसाठी एक उन्हाळा पुरतो आणि भाकरीबरोबर अंबाडीची भाजी विनिपेगच्या सप्टेंबरात पानात पडते.

परदेशातल्या मराठी मंडळांना यात सहज करण्यासारखे काही आहे. गणेशोत्सव संपताना पाणथळ जास्वंदीची बोंडे तपकिरी होऊन उकलू लागतात आणि एकेका बोंडात चांगले मूठभर सभासदांना पुरेल इतके बी असते. ते वाळवून वाटावे. बियांचे कवच टणक असते, म्हणून किंचित घासून रात्रभर कोमट पाण्यात भिजवावे. जानेवारी-फेब्रुवारीत घरात पेरले, मे अखेरीस जमिनीत लावले, तर रोप त्याच वर्षी फुलू शकते. जागा पूर्ण उन्हाची हवी, पाणी साचले तरी बिघडत नाही, आणि तिथे एक काठी रोवून ठेवावी. कारण दुसऱ्या वर्षी अर्धा मे उलटेपर्यंत तिथे काहीच दिसत नाही आणि घाईने कुदळ मारणारे बरेच असतात. संकरित झाडाच्या बियांतून लालच फूल येईल याची खात्री देता येत नाही, त्यासाठी जूनमध्ये कोवळ्या फुटीची कलमे करावी लागतात. नव्या जातींपैकी पुष्कळांवर पेटंट आहे, त्यांची कलमे अशी करता येत नाहीत. जुन्या ‘लॉर्ड बाल्टिमोर’ला ती आडकाठी नाही.